स्कॉटलंड व ब्रिटनमधील प्रादेशिक पाककला आणि स्थानिक अन्नघटक : एक सामाजिक-आर्थिक विवेचन

प्रास्ताविक :

इ. स. १७५५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इंग्रजी शब्दकोशात डॉ. सॅम्युएल जॉन्सन यांनी ‘ओट’ या धान्याची जी व्याख्या दिली, ती शब्दकोशांच्या इतिहासात गाजलेली आहे. इंग्लंडात जे धान्य बहुधा घोड्यांना घालतात, परंतु स्कॉटलंडात ज्यावर माणसे जगतात, असा त्या व्याख्येचा आशय होता. यावर लॉर्ड एलिबँक या स्कॉटिश सरदाराने, म्हणूनच इंग्लंडात घोडे आणि स्कॉटलंडात माणसे उत्तम निपजतात, असे उत्तर दिल्याचे सांगितले जाते. हा विनोद आजही सांगितला जातो. पण त्यामागे एक गंभीर प्रश्न दडलेला आहे. शेजारी शेजारी राहणाऱ्या, एकाच राजसत्तेखाली आलेल्या दोन समाजांपैकी एकाचे मुख्य अन्न ते दुसऱ्याच्या पागेतील दाणावैरण, असे का व्हावे ? आणि ज्या अन्नाची अशी थट्टा झाली, तेच अन्न पुढे त्या राष्ट्राचा अभिमानविषय कसे बनले ? आपल्याकडे मुंबई-पुण्याच्या दुकानांत हाच ओट सुबक डब्यांतून ज्वारीपेक्षा कितीतरी चढ्या भावाने आरोग्यदायी न्याहारी म्हणून विकला जातो, तेव्हा हा प्रश्न आपल्याला अगदीच परका राहत नाही.

प्रादेशिक पाककलेचे स्पष्टीकरण देताना सामान्यतः हवामान व माती यांचा आधार घेतला जातो. तो योग्यच आहे, पण पुरेसा नाही. प्रस्तुत लेखातील प्रतिपादन असे की, स्कॉटलंड आणि ब्रिटनच्या इतर भागांतील ज्या पदार्थांना आज आपण ‘पारंपरिक’ व ‘स्थानिक’ म्हणतो, त्यांतील बरेच पदार्थ त्या भूमीतील उत्तम उत्पादन विकले गेल्यानंतर किंवा खंडापोटी दिले गेल्यानंतर जे उरले, त्यातून घडले आहेत. भूमीने काय पिकवले यापेक्षा त्या पिकावर हक्क कोणाचा होता, हे ताटावर अधिक स्पष्ट उमटते. हे विवेचन छापील साधनांवर आधारलेले आहे. प्रस्तुत लेखकाने यांतील बहुतेक पदार्थ चाखलेले नाहीत. म्हणून चवीविषयी येथे फारसे काही म्हटलेले नाही.

ओट, पीट आणि एक भांडे :

स्कॉटलंडचा उन्हाळा आखूड, थंड व ओलसर असतो. पूर्व किनाऱ्यावरील लोदियनसारखा सुपीक पट्टा सोडला तर गहू तेथे भरवशाने पिकत नसे. आम्लधर्मी, निकस जमिनीत तग धरणारी धान्ये दोनच : ओट आणि जव. उत्तरेकडील ऑर्कनी बेटांवर ‘बेअर’ नावाचा सहा ओळींच्या कणसाचा प्राचीन जव अजूनही पिकतो आणि तेथील बर्से गावच्या बॅरोनी मिलमध्ये (बांधकाम १८७३) पाणचक्कीवर त्याचे पीठ दळले जाते.

ओटात गव्हासारखे ग्लुटेन नसते, त्यामुळे त्याचा फुगलेला पाव होत नाही. शिवाय पाव भाजण्यास भट्टी लागते आणि भट्टीला भरपूर लाकूड लागते. डोंगराळ भागात जंगल विरळ असल्याने जळण म्हणून ‘पीट’ वापरीत. दलदलीतील अर्धवट कुजलेल्या वनस्पतींचे थर फावड्याने कापून, वाळवून केलेल्या या विटा सावकाश, मंद जळतात. अशा विस्तवावर एक भांडे टांगता येते आणि एक लोखंडी तवा ठेवता येतो. स्कॉटिश स्वयंपाकाचा सारा व्याकरणविचार या दोन उपकरणांत सामावलेला आहे. भांड्यात पॉरिज, म्हणजे ओटाच्या भरडीची मीठ घालून शिजवलेली लापशी. आणि तव्यावर ओटाची पातळ, कडक भाकरी किंवा जाडसर ‘बॅनक’. पॉरिज ढवळण्याच्या लाकडी दांडीला ‘स्पर्टल’ असे स्वतंत्र नाव आहे. कारब्रिज या गावी १९९४ पासून पॉरिज शिजविण्याची स्पर्धा भरते व विजेत्यास सोनेरी स्पर्टल देतात. शेतमजूर घाईत असला तर पॉरिजही शिजवीत नसे. लाकडी वाडग्यातील पिठावर कढत पाणी ओतून, मीठ घालून ‘ब्रोज’ करी आणि उभ्या उभ्या खाई. चरबीवर कांदा परतून त्यात ओटाची भरड खमंग भाजली की ‘स्कर्ली’ तयार होई.

येथे दळणाविषयी दोन शब्द आवश्यक आहेत. आज डब्यांतून मिळणारे चपटे ओट ही एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील, मुख्यतः अमेरिकेतील गिरण्यांची देणगी आहे. दाणा वाफवून रुळांखाली दाबल्याने तो लवकर शिजतो. जुनी स्कॉटिश भरड निराळी. दाणे आधी भट्टीवर शेकून कोरडे करीत, मग दगडी जात्यात जाड, मध्यम किंवा बारीक दळीत. शेकल्यामुळे भरड टिकाऊ होई व तिला भाजक्या दाण्याचा वास येई. दळताना निघणाऱ्या कोंड्याला थोडे पीठ चिकटलेले राही. तो कोंडाही टाकीत नसत. अनेक दिवस पाण्यात भिजवून तो आंबवीत, पाणी गाळून घेत, तळाशी बसलेली खळ शिजवून ‘सोअन्स’ नावाचा आंबूस पदार्थ करीत. टाकाऊ म्हणून ज्याकडे दुसरा कोणी पाहणार नाही त्यातूनही एक जेवण काढणारी ही पद्धती आहे, आणि माझ्या मते पॉरिजपेक्षा सोअन्स हाच स्कॉटिश ग्रामीण स्वयंपाकाचा खरा प्रातिनिधिक नमुना होय.

ओट हे केवळ अन्न नव्हते, ते वेतनही होते. ईशान्य स्कॉटलंडातील नांगऱ्या गड्याला रोख पैशांबरोबर वर्षाचे पीठ मिळे. साडेसहा ‘बोल’ हे प्रमाण अनेक ठिकाणी रूढ होते. एक बोल म्हणजे १४० पौंड, अर्थात सुमारे ६३ किलो. याचा अर्थ दिवसाला एक किलोहून थोडे अधिक पीठ. त्याला दुधाची जोड. अविवाहित गडी ‘बॉथी’ नावाच्या सामाईक खोलीत राहत आणि तेथे प्रत्येकाची पिठाची पेटी असे. विद्यापीठेही यातून सुटली नव्हती. सेंट अँड्र्यूज, एडिंबरो व ग्लासगो येथील विद्यापीठांत ‘मील मंडे’ नावाची सुटी असे. गरीब विद्यार्थ्यांनी घरी जाऊन पिठाची पिशवी पुन्हा भरून आणावी, हा तिचा मूळ हेतू सांगतात. घरून धान्य आणून खोलीवर हाताने शिजविणाऱ्या विद्यार्थ्यांना शिकविणाऱ्या कोणाही प्राध्यापकाला या सुटीचे महत्त्व वेगळे सांगावयास नको.

ओटाच्या जोडीला परसातील ‘केल’ ही कोबीच्या कुळातील, कडाक्याच्या थंडीत टिकणारी पालेभाजी असे. तिच्या वाफ्याला ‘केलयार्ड’ म्हणत आणि ‘केल’ हा शब्दच पुढे दुपारच्या जेवणासाठी रूढ झाला. मराठीत ‘भाकरी’ म्हणजे जेवण, तसेच हे.

विकले ते आणि उरले ते :

आता एका विसंगतीकडे वळू. स्कॉटलंडच्या डोंगरांत गुरे विपुल होती, नद्यांत सामन मासा विपुल होता. असे असता सामान्य माणसाच्या ताटात ते दोन्ही क्वचितच का दिसतात ? कारण गुरे ही खाण्याची वस्तू नसून खंड भरण्याचे साधन होती. १७०७ मध्ये इंग्लंडशी एकीकरण झाल्यावर इंग्रजी बाजारपेठ खुली झाली आणि दर शरद ऋतूत काळ्या डोंगरी गुरांचे कळप प्रथम क्रीफच्या व नंतर फॉल्कर्कच्या बाजाराकडे पायी हाकले जाऊ लागले. तेथून ते दक्षिणेस जात, इंग्लंडच्या कुरणांत पुष्ट होत आणि लंडनच्या स्मिथफील्ड बाजारात कापले जात. सामनचेही तेच. नदीतील सामन पकडण्याचा हक्क ही स्कॉटिश कायद्यात जमिनीसारखीच एक स्वतंत्र मालमत्ता आहे. अठराव्या शतकाच्या अखेरीस सामन बर्फात घालून लंडनला रवाना होऊ लागला, तेव्हा काठावरच्या माणसासाठी तो अधिकच दूर गेला.

मग गुरे पाळणाऱ्याने काय खावे ? एडमंड बर्ट या इंग्रज अधिकाऱ्याची उत्तर स्कॉटलंडातून लिहिलेली पत्रे १७५४ मध्ये प्रसिद्ध झाली. टंचाईच्या दिवसांत डोंगरी लोक जिवंत गुरांच्या शिरेतून थोडे रक्त काढून, ते उकळून खातात, असे त्यांत नमूद आहे. जनावर विकायचे आहे, म्हणून ते मारता येत नाही. पण त्याचे रक्त पुन्हा भरून येते. या उपायात जितकी कल्पकता आहे तितकीच अगतिकता आहे. रक्त, चरबी, कांदा आणि ओटाची भरड यांचे मिश्रण पुढे ‘ब्लॅक पुडिंग’ म्हणून स्थिरावले. लुइस बेटावरील स्टॉर्नोवे गावच्या ब्लॅक पुडिंगला २०१३ मध्ये युरोपीय भौगोलिक मानांकन मिळाले आणि आज ते चांगल्या उपाहारगृहांत मानाने वाढले जाते.

हॅगिसची कथा याहून गुंतागुंतीची आहे. मेंढीचे हृदय, यकृत व फुप्फुस बारीक करून, त्यात ओटाची भरड, कांदा, कठीण चरबी व मिरे घालून, ते सारे मेंढीच्या जठरात भरून उकडणे, ही त्याची मूळ कृती. (आता जठराऐवजी बहुधा कृत्रिम आवरण वापरतात.) मांसाचे चांगले तुकडे ज्याच्या वाट्याला गेले नाहीत, त्याच्या वाट्याला आलेल्या अवयवांचा हा पदार्थ. लवकर नासणारे हे अवयव जनावर कापल्याच्या दिवशीच शिजवावे लागत, आणि जठर हे फुकट मिळणारे भांडे होते. पण तो मुळात केवळ स्कॉटिश होता असे मात्र म्हणता येत नाही. इंग्लंडातील लँकेशायरमध्ये १४३० च्या सुमारास रचलेल्या एका पद्यमय पाकग्रंथात तो आढळतो, आणि जर्व्हेस मार्कम याने १६१५ च्या आपल्या गृहिणीविषयक ग्रंथातही त्याचा उल्लेख केला आहे. इंग्लंड त्याला विसरले. स्कॉटलंडने तो जपला. आणि १७८६ मध्ये रॉबर्ट बर्न्स या शेतकरी कवीने हॅगिसला उद्देशून कविता लिहून त्याला फ्रेंच मसालेदार पदार्थांच्या विरोधात उभे केले. १८०१ मध्ये बर्न्सच्या मित्रांनी अ‍ॅलोवे येथील त्याच्या जन्मघरी जमून हॅगिस खाल्ले व ती कविता म्हटली. तेव्हापासून बर्न्सच्या जयंतीचे, २५ जानेवारीचे, भोजन ही राष्ट्रीय प्रथा झाली. एका पदार्थाला राष्ट्रीयत्व बहाल करण्याचे काम कवितेने केल्याची याहून ठळक उदाहरणे फार नसावीत. गंमत अशी की, अमेरिकेने १९७१ पासून जनावरांची फुप्फुसे अन्नात वापरण्यास बंदी केली, त्यामुळे परंपरागत हॅगिसला तेथे प्रवेश नाही; आणि १९८४ मध्ये एडिंबरोच्या मॅकस्वीन या खाटीक कुटुंबाने स्कॉटिश काव्य ग्रंथालयाच्या उद्‌घाटनासाठी कडधान्ये, भाज्या व ओट यांचे शाकाहारी हॅगिस तयार केले. परंपरेचा आत्मा फुप्फुसात नसून ओटात होता, असा याचा अर्थ घ्यावा काय ?

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात बटाटा आला व त्याने डोंगरी प्रदेशाचे अर्थकारण बदलले. जमीनदारांना मेंढ्यांसाठी मोकळी कुरणे हवी होती. कुळांना किनाऱ्यावरील तुटपुंज्या तुकड्यांत हलविण्यात आले आणि एवढ्याशा जमिनीत कुटुंब जगवू शकणारे पीक एकच होते. बटाटा व स्वीड एकत्र कुस्करून केलेले ऑर्कनीचे ‘क्लॅपशॉट’, चरबीत कांद्यासह शिजवलेल्या बटाट्यांचे ‘स्टोव्हीज’, दक्षिण सीमेवरील ‘रंबलडीथंप्स’ ही आज खेळकर वाटणारी नावे याच काळाशी जोडलेली आहेत. १८४६ मध्ये बटाट्यावर रोग पडला. त्याच हिवाळ्यात पूर्व किनाऱ्यावरील बंदरांतून धान्याची जहाजे दक्षिणेस निघत होती. १८४७ च्या आरंभी मरे फर्थच्या किनाऱ्यावर आणि विक परिसरात लोकांनी गाड्या अडवल्या, बंदरांच्या वाटा रोखल्या. सरकारने सैन्य पाठविले. मदत म्हणून जे दिले गेले तेही ओटाचे किंवा मक्याचे पीठच. पण त्यासाठी रस्त्यावर काम करण्याची अट होती आणि पुढे दिवसभराच्या कष्टाबद्दल मिळणारे पीठ एक पौंडावर, म्हणजे अर्ध्या किलोहूनही कमीवर, आणले गेले. वर सांगितलेल्या नांगऱ्याच्या रोजच्या पिठाशी हे प्रमाण ताडून पाहावे. त्या रस्त्यांना आजही ‘दारिद्र्याचे रस्ते’ अशा अर्थाचे नाव आहे.

समुद्राचा वाटा :

किनाऱ्यावरील हेरिंग मासा स्वस्त, तेलकट आणि पौष्टिक. ओटाच्या भरडीत घोळवून तळलेला हेरिंग व उकडलेला बटाटा हे मजुराचे जेवण होते. पण येथेही मोठा वाटा बाहेरच गेला. १९०७ मध्ये स्कॉटलंडातून सुमारे पंचवीस लाख पिंपे खारवलेला हेरिंग निर्यात झाला, मुख्यतः जर्मनी व रशियाकडे. हा सारा व्यापार स्त्रियांच्या हातांवर चालला होता. दोघी मासा चिरणाऱ्या व एक पिंपात थर लावणारी, अशा तिघींच्या टोळ्या शेटलंडपासून इंग्लंडच्या यारमथपर्यंत नौकांमागोमाग किनाऱ्याने प्रवास करीत. सुरीपासून व मिठापासून बचाव म्हणून बोटांना चिंध्या गुंडाळलेल्या असत. पहिले महायुद्ध व रशियन क्रांती यांनी बाजार मोडला. पुढे यांत्रिक मासेमारीने मासाच संपत आला आणि १९७७ मध्ये उत्तर समुद्रातील हेरिंगची मासेमारी काही वर्षांसाठी बंद करावी लागली. बंदी उठेपर्यंत लोकांची हेरिंग खाण्याची सवय बरीच मोडली होती.

हॅडॉक माशाचे दोन प्रकार मात्र नावाने टिकले. अ‍ॅबर्डीनजवळच्या फिंडन गावचा ‘फिनन हॅडी’ म्हणजे उभा चिरून पीटच्या थंड धुरात ठेवलेला मासा. तो पुन्हा शिजवावा लागतो. आर्ब्रोथचा ‘स्मोकी’ निराळा : डोके काढून, मीठ लावून, दोन दोन मासे शेपटीशी बांधून काठीवर टांगतात, खाली कठीण लाकडाचा जाळ करतात, वर ओले गोणपाट घालतात. तासाभराच्या आत मासा धुराने शिजतोही आणि टिकाऊही होतो. ही पद्धत मुळात आर्ब्रोथची नव्हेच. ती शेजारच्या ऑकमिथी या कड्यावरील कोळीवाड्याची. एकोणिसाव्या शतकात तेथील कोळी कुटुंबे आर्ब्रोथला येऊन राहिली, आणि नाव नव्या गावाचे झाले. कलन गावचे ‘कलन स्किंक’ हे धुरवलेला हॅडॉक, बटाटा, कांदा व दूध यांचे दाट सार. ‘स्किंक’ म्हणजे मूळचे गुरांच्या पायाच्या मांसाचे सार. मांस गेले, मासा आला, नाव राहिले.

सीमेपलीकडे :

ओटाचा पट्टा स्कॉटलंडच्या सीमेवर थांबत नाही, याकडे जॉन्सनच्या विनोदाने दुर्लक्ष झाले आहे. इंग्लंडच्या पेनाइन डोंगररांगेत, लँकेशायर-यॉर्कशायरपासून डर्बीशायर व स्टॅफर्डशायरपर्यंत ओटाच्या भाकऱ्या खाल्ल्या जात. स्टॅफर्डशायरची मऊ, धिरड्यासारखी ओटाची भाकरी आजही तेथील न्याहारी आहे. वेल्समध्ये खडकांवरचे ‘लेव्हर’ हे समुद्रशेवाळ तासन्‌तास उकळून, ओटाच्या भरडीत मिसळून तळतात. म्हणजे प्रश्न राष्ट्राचा नसून डोंगर, पाऊस आणि उत्पन्नाचा आहे.

उरलेल्याचा न्याय इंग्लंडातही दिसतो. यॉर्कशायर पुडिंगचा पूर्वज म्हणजे भाजणाऱ्या मांसाखाली ठेवलेले, टपकणाऱ्या चरबीत फुगणारे पीठ. हॅना ग्लास यांच्या १७४७ च्या पाकग्रंथात त्याला यॉर्कशायरचे नाव मिळालेले दिसते. ते रश्शाबरोबर आधी वाढीत, म्हणजे पोट भरे आणि मांस कमी लागे. लेस्टरशायरमधील मेल्टन मोब्रे गावाभोवती चीज करताना निघणारी निवळी डुकरांना पाजली जाई आणि त्या डुकरांच्या मांसातून तेथील प्रसिद्ध पोर्क पाय जन्माला आला. यॉर्कशायरच्या वेकफील्ड परिसरात हिवाळ्यात अंधाऱ्या खोपटांत वाढविल्या जाणाऱ्या कोवळ्या, गुलाबी ऱ्हुबार्बचे उदाहरण तर भूगोलाच्या विद्यार्थ्याने मुद्दाम पाहावे असे आहे. ऊब देण्यास स्थानिक कोळसा, खत म्हणून लोकरीच्या गिरण्यांतील टाकाऊ लोकर, आणि प्रकाश लागू नये म्हणून मेणबत्तीच्या उजेडात तोडणी. येथे ‘स्थानिक घटक’ म्हणजे शेजारच्या कारखान्याचा कचरा होय.

परके घटक आणि आपली खिचडी :

याचा अर्थ बाहेरचे काही येतच नव्हते असा नाही. कोंबडी व लीकच्या पातीचे ‘कॉक-अ-लीकी’ हे सार पारंपरिक म्हणून मिरवते, पण त्यात घालावयाचे सुके आलुबुखार आयात केलेले. १५९८ मध्ये स्कॉटलंडात फिरलेल्या फाइन्स मॉरिसन या इंग्रज प्रवाशाने एका सरदाराच्या घरी असे सार फक्त वरच्या पंगतीला वाढले जात असल्याची नोंद केली आहे. डंडीचा प्रसिद्ध मुरंबा स्पेनमधील सेव्हिलच्या कडू संत्र्यांचा.

आपल्या दृष्टीने विशेष म्हणजे ‘केजरी’. भात, धुरवलेला हॅडॉक, उकडलेली अंडी व करी पावडर यांची ही व्हिक्टोरियन न्याहारी म्हणजे खिचडीचे रूपांतर. डाळ गेली, मासा आला. ‘हॉब्सन-जॉब्सन’ या १८८६ च्या कोशानेही शब्दाच्या या नव्या वापराची दखल घेतली आहे. हिंदुस्थानातील नोकरी आटोपून परतलेल्या कुटुंबांचा स्कॉटलंडच्या स्वयंपाकघरावरील ठसा नोंदींतून दिसतो. डम्फ्रीजशायरमधील बर्नफूट येथील स्टेफाना मॅल्कम यांच्या हस्तलिखित पाककृती स्कॉटलंडच्या राष्ट्रीय ग्रंथालयात असून त्यांत हिंदुस्थानी चालीच्या कृतीही आहेत. १८२७ ते १८३० या काळात मुंबईचे गव्हर्नर असलेले सर जॉन मॅल्कम याच कुटुंबातील. मराठी वाचकाला परिचित असलेले हे नाव अशा रीतीने एका चुलीपाशी भेटते.

ग्रंथ, रेशन आणि कायदा :

ही पाककला विस्मरणात गेली ती चवीच्या दोषामुळे नव्हे. १८५१ च्या जनगणनेपर्यंत इंग्लंड-वेल्समधील निम्म्याहून अधिक लोक शहरांत राहत होते. इतक्या लवकर इतका मोठा समाज परसापासून, गायीपासून व पीटपासून तुटल्याचे दुसरे उदाहरण नव्हते. १८४६ मध्ये धान्यावरील आयात कर रद्द करण्याचा निर्णय झाला, १८८२ मध्ये न्यूझीलंडहून गोठवलेले मांस ‘डनीडिन’ या जहाजाने लंडनला पोहोचले. पांढरा पाव, जॅम आणि साखर घातलेला चहा हे गिरणी कामगाराचे नवे जेवण झाले. जे उरलेले शिजविण्याचे कौशल्य होते त्याला लागणारा वेळ व विस्तव शहरातील कामगार स्त्रीपाशी नव्हता. या स्त्रीला स्वयंपाक येत नाही असा ठपका ठेवणारे सुधारक त्या काळात पुष्कळ होते. तिची चूल व तिचे तास मोजणारे कमी.

याच पार्श्वभूमीवर संग्रहणाचे कार्य सुरू झाले, आणि तेही मुख्यतः स्त्रियांनी केले. फ्लॉरेन्स व्हाइट यांनी १९२८ मध्ये इंग्रजी लोकपाककलेसाठी एक संस्था स्थापन केली आणि १९३२ मध्ये आपला संग्रह प्रसिद्ध केला. ऑर्कनीत जन्मलेल्या एफ. मॅरियन मॅकनील यांचा ‘द स्कॉट्स किचन’ १९२९ चा. स्कॉटिश राष्ट्रीय चळवळीशी निकटचा संबंध असलेल्या या विदुषीने लोककथांप्रमाणेच पाककृतीही जमविल्या. त्यांचा ग्रंथ अमूल्य आहे. मात्र त्यात सोअन्स आणि सरदारी सार एकाच राष्ट्रीय पंगतीत बसतात, आणि कोण काय व का खात होते हा भेद थोडा पुसट होतो, असे नम्रपणे म्हणावेसे वाटते. डोरोथी हार्टली यांचा इंग्लंडविषयीचा मोठा ग्रंथ १९५४ मध्ये आला. त्याच वर्षी ४ जुलैला, जानेवारी १९४० पासून चालू असलेले रेशनिंग संपले. रेशनिंगने गरिबाचे पोषण सुधारले हे खरे. पण दूध शासनाने ठरविलेल्या मोजक्या कठीण चीजकडे वळविल्याने कितीतरी प्रादेशिक चीजांची परंपरा तुटली.

युरोपीय समुदायाने १९९२ मध्ये भौगोलिक नावांना संरक्षण देणारा नियम केला. रत्नागिरी-सिंधुदुर्ग परिसराच्या हापूसला २०१८ मध्ये मिळालेल्या मानांकनामुळे ही कल्पना आपल्याला परिचित आहे. आर्ब्रोथ स्मोकीला २००४ मध्ये, कॉर्निश पास्टीला २०११ मध्ये संरक्षण मिळाले. १ जानेवारी २०२१ पासून ब्रिटनची स्वतःची मानांकन व्यवस्था लागू झाली. आता आर्ब्रोथपासून आठ किलोमीटरच्या आत धुरवलेला मासाच स्मोकी ठरतो. परंतु तो आर्ब्रोथच्याच बंदरात उतरलेला असावा, अशी अट नाही. कॉर्नवॉलच्या खाण कामगारांशी जोडलेली, मांस, बटाटा, स्वीड व कांदा भरून कडेने मुरडलेली पास्टी कॉर्नवॉलमध्ये तयार व्हावी लागते. तिच्यातील बटाटा कॉर्नवॉलचा असलाच पाहिजे असे नाही. कायदा कृतीला गावाशी बांधतो, घटकाला नेहमीच बांधत नाही.

स्टिल्टन या निळ्या शिरांच्या चीजच्या बाबतीत तर नाव व गाव यांचीच फारकत झाली आहे. १९९६ च्या नोंदीप्रमाणे ते डर्बीशायर, लेस्टरशायर व नॉटिंगहॅमशायर या तीनच परगण्यांत करता येते. ज्या स्टिल्टन गावावरून त्याचे नाव पडले ते केंब्रिजशायरमध्ये असल्याने तेथे या नावाचे चीज करणे बेकायदेशीर ठरते. शिवाय दूध पाश्चरीकृत असलेच पाहिजे अशी त्या नोंदीतील अट आहे. २००६ मध्ये नॉटिंगहॅमशायरमध्ये जुन्या रीतीने, कच्च्या दुधापासून हेच चीज पुन्हा करावयास आरंभ झाला. परगणा योग्य, रीत जुनी, दूध तेथलेच; पण ते ‘स्टिल्टन’ म्हणून विकता येत नाही. करणाऱ्यांनी त्याला त्या गावाच्या नावाचे एक प्राचीन रूप दिले आहे, ‘स्टिचल्टन’, आणि त्याच नावाने ते बाजारात जाते.